आत्यांनी सोडलेला चहा

आमच्या लाइनवर फोन आत नेता येत नाही. लॉकरमध्ये ठेवायचा आणि जेवणाच्या सुट्टीत काढायचा. त्यामुळे आत्या गेल्याची बातमी मला नवऱ्याच्या आवाजात कळली नाही, सुपरवायझरच्या चालण्यात कळली. चाकणच्या त्या लांबलचक शेडमधून तो माझ्याकडे येत होता आणि सावकाश येत होता. एरवी हा माणूस चालत नाही, धावतो. "ताई, घरी जा. गाडी सांगितलीये," एवढंच म्हणाला. मी म्हटलं, हातातला ट्रे संपवते. आणि खरंच संपवला. एकेक पार्ट मापाच्या गेजला लावून पाहिला, चांगला इकडे, खराब तिकडे… एकही चुकला नाही. हे आत्यांना सांगितलं असतं तर त्या म्हणाल्या असत्या, "लई उपकार केलेस कंपनीवर."

आत्या म्हणजे माझ्या सासूबाई, हिराबाई. आमच्यात सासूला आत्याच म्हणतात. खेडकडच्या एका गावातून लग्न होऊन त्या पिंपरीत आल्या, मामंजींची कंपनीतली नोकरी संपल्यावर चिखलीत दोन खोल्या घेतल्या, आणि मामंजी गेल्यावर बाहेरगावहून कामाला आलेल्या पोरांचे डबे करायला लागल्या. आयुष्य शहरात गेलं, पण बोलणं गावाकडचं राहिलं ते राहिलंच. जिभेला धार. मीही काही मुकी नाही, त्यामुळे आमचं दोघींचं जमायचं असं मी म्हणणार नाही. आमचं चालायचं. सकाळी भांडण, दुपारी एकमेकींच्या ताटात भाकरी. माझा नवरा प्रशांत मधे पडायचाच नाही. त्याला अनुभवानं शहाणपण आलं होतं.

आणि चहा. आत्यांबद्दल लिहायचं तर चहाशिवाय सुरुवातच होत नाही. उठल्यावर चहा, कणीक मळायच्या आधी चहा, डबे गेले की चहा, कुणी आलं की चहा, कुणी आलं नाही म्हणून चहा. दूध बेतानं, साखर सढळ, आलं किसून. जो माणूस चहाला नको म्हणतो त्याची तब्येत बरी नसणार, असं त्यांचं ठाम मत होतं. मी लग्न होऊन आले तेव्हा साखर कमी घालून चहा केला, तर त्यांनी एक घोट घेतला, कप खाली ठेवला आणि प्रशांतला विचारलं, "हिच्या माहेरी साखर मिळत न्हाई का रं?" त्यानंतर त्या घरात चहा फक्त त्यांनीच करायचा असं ठरून गेलं.

मैत्री, आमची मुलगी, सातव्या महिन्यातच आली. कसलं बारसं आणि कसलं काय. चिंचवडच्या हॉस्पिटलात काचेच्या पेटीत ती ठेवलेली, अंगावर वायरी, नाकात नळी, पाय माझ्या अंगठ्याएवढे. वजनाचं सगळे बोलत होते, पण भीती वेगळीच होती. तिचा श्वास मधेच थांबायचा. छाती वरखाली होता होता नुसतीच पडून राहायची, तोंडाभोवती निळसर व्हायचं, आणि मशीन ओरडायला लागायचं. सिस्टर यायची, तळपायावर बोटानं हलकेच टिचकी मारायची, की बाळ दचकून पुन्हा श्वास घ्यायचं. डॉक्टर मॅडमनी मला समजावून सांगितलं होतं: मेंदूतली जी जागा श्वास घे म्हणून सांगते, ती पोटात पूर्ण तयार व्हायच्या आतच बाळ बाहेर आलंय. फुप्फुसं आहेत, हवा आहे, पण सांगणारा अजून लहान आहे, तो विसरतो. तो विसरू नये म्हणून एक औषध सुरू करतोय. कॅफीन. चहा-कॉफीत असतं तेच, पण औषध म्हणून बनवलेलं, वजनाप्रमाणे थेंब मोजून द्यायचं. त्यानं बाळाचा मेंदू जागा राहतो.

प्रशांतनं बाहेर बाकावर बसलेल्या आत्यांना हे आपल्या भाषेत सांगितलं. चहातलं औषध देतायत, म्हणाला. आत्यांनी दोनदा विचारलं, "चहातलं? आपल्या चहातलं?" थोड्या वेळानं आमच्या बिल्डिंगमधल्या शबाना भाभी थर्मास घेऊन आल्या. खाली त्यांच्या मिस्टरांचं गॅरेज आहे, आणि भाभी आणि आत्या म्हणजे दिवसातून तीनदा एकमेकींच्या दारात. भाभींनी कप भरून पुढे केला तर आत्यांनी हात आडवा धरला. म्हणाल्या, "न्हाई पीत मी. तिला लागतोय तवर तिला जाऊ द्या. माझ्या वाटचा."

प्रशांत वैतागला. आम्ही बौद्ध. नवस-सायास, उपास, गंडेदोरे आमच्या घरात चालत नाहीत, आणि हे त्याला लहानपणी शिकवलं होतं आत्यांनीच, चांगलं कान धरून. तो म्हणाला, "आई, हा नवस झाला." आत्या म्हणाल्या, "कुनाला बोलले मी? कुना देवाचं नाव घेतलं का? नुसता सोडला." मला त्या बाकावर, टाके दुखत असताना, हसू आलं होतं. आणि बरं वाटलं होतं, हे आज लिहून ठेवते. त्या पेटीतल्या जिवासाठी मी एकटीच धडपडत नाही, असं वाटलं.

पण चहा असा सुटतो थोडाच. दुसऱ्या दिवशी आत्यांचं डोकं जे धरलं ते दोन-तीन दिवस सुटेना. कपाळाला पदर घट्ट आवळून त्या बाकावर बसायच्या, डोळे मिटून, आणि कुणी बोललं तर खेकसायच्या. त्या डोकेदुखीतून त्यांनी आपला एक सिद्धांत काढला. पुढे मैत्रीचं वजन वाढलं, श्वास थांबणं बंद झालं, आणि डॉक्टर मॅडम बाहेर येऊन म्हणाल्या की आता औषध थांबवतोय. तर आत्या उठून त्यांच्यासमोर उभ्या. "एकदम बंद करू नगा, बाई. डोकं लई धरतं. मला म्हाईत हाय. ल्हान जीव, तिला सांगता बी यायचं न्हाई." प्रशांत जमिनीकडे बघायला लागला. डॉक्टर मॅडम मात्र हसल्या नाहीत, शेजारी बसल्या. म्हणाल्या, "आजी, तुमच्या अंगातून चहा दिवसभरात उतरतो, म्हणून डोकं दुखतं. एवढ्या लहान बाळाच्या अंगातून तो फार सावकाश जातो, कितीतरी दिवस घेतो. म्हणजे आपण बंद केला तरी तिचा आपोआप कमी कमीच होत जाणार. आणि तो उतरेपर्यंत आपण तिच्यावर लक्ष ठेवणार. औषध नसताना इतके दिवस सलग एकदाही श्वास अडकला नाही, तरच घरी." आत्यांनी मान डोलावली. मग मला हळूच विचारलं, "बाई शिकल्याली हाय ना गं?"

त्या दिवसांचं काय सांगू. औषध बंद झालेलं, बाळ दिसायला छान, आणि आम्ही सगळे त्या मशीनकडे बघत बसलेले. ते वाजलं नाही की तो दिवस जमेला. त्यात मला ताप भरला. बाळाला छातीवर घ्यायचं माझं काम थांबलं. तिथे बाळाला आईच्या उघड्या छातीवर, कातडीला कातडी लावून ठेवतात, कांगारू म्हणतात त्याला. त्यानं बाळाचा श्वास शांत राहतो. आई नसेल तर घरातलं दुसरं कुणी चालतं. सिस्टरनं विचारलं, आजी येतील का? आजी तर इतके दिवस काचेबाहेर उभ्या होत्या, नाक काचेला लावून. कोपरापर्यंत हात धुतले, समोरून उघडा गाऊन घातला, खुर्चीत मागे टेकल्या, आणि सिस्टरनं ती मूठभर पोर त्यांच्या छातीवर ठेवून वरून चादर घातली. आत्यांनी आधी श्वासच घेतला नाही. मग हळूहळू तिच्याशी बोलायला लागल्या. काय बोलत होत्या? आज डब्यात कुठली भाजी दिली, कुणाची पोळी परत आली, भोसरीच्या पोराला तिखट कसं सोसत नाही… सिस्टर सांगायची, आजी बसल्या की मशीनवर बाळाचा श्वास कसा एका लयीत चालतो बघा. रोज दुपारी डबे पाठवून झाले की आत्या यायच्या. मला वाटतं त्यांच्या आयुष्यातल्या सगळ्यात सुखाच्या दुपारी त्या.

आणि मग एका दुपारी ते वाजलं. घरी न्यायच्या गोष्टी सुरू झाल्या होत्या. मी ताप उतरून नुकतीच काचेबाहेर येऊन उभी होते. आत्यांच्या छातीवरची चादर मला दिसत होती. सिस्टर चार पावलांत पोचली, चादरीतून एक पाय काढला, टिचकी मारली… नाही. पुन्हा मारली, पाठ चोळली, आणि मग तो बारीकसा आवाज आला. आत्या दोन्ही हात वर धरून बसल्या होत्या, जणू त्यांनी हात लावला तर काही बिघडेल. डॉक्टर मॅडमनी नंतर समजावलं: घाबरू नका, औषध आता अंगातून पुरतं उतरलं, म्हणून हे दिसलं, म्हणूनच तर आपण थांबतो, आणखी काही दिवस औषध देऊ आणि मोजणी पुन्हा पहिल्यापासून. मला रडू कोसळलं. आत्या रडल्या नाहीत. गाऊन काढून घडी घालून ठेवला आणि दुसऱ्या दिवसापासून आत जायला तयारच होईनात. "मला न्हाई जमत ते," एवढंच. आम्हाला वाटलं, घाबरल्या बिचाऱ्या.

मैत्री घरी आली. मोजणी पूर्ण झाली, औषध सुटलं, श्वास पुन्हा कधी थांबला नाही. शबाना भाभींनी पातेलंभर चहा केला, अख्ख्या मजल्याला वाटला, आणि पहिला कप आत्यांपुढे धरला. आत्या म्हणाल्या, "नगं." भाभी म्हणाल्या, "अब तो बच्ची घर आ गयी, अब काहे का परहेज?" तरी नगं. वर्षाची होऊ दे असेल, असं आम्ही म्हटलं. वर्षाची झाली. चालायला लागली, बोलायला लागली, शाळेत गेली, आत्यांनी चहा तोंडाला लावला नाही. करायच्या मात्र रोज. स्वतः न चाखता, नुसत्या वासावर आणि रंगावर, आणि कधी एक दिवस बिघडला नाही. कुणी विचारलं की म्हणायच्या, "सुटला तो सुटला." प्रशांत त्याच्या गुटखा खाणाऱ्या दोस्तांना आईचं उदाहरण द्यायचा: मनावर घेतलं तर सुटतं, राव, आमच्या आईकडे बघा. मीही माहेरी कौतुकानं सांगायचे. आत्या ऐकून घ्यायच्या आणि उठून आत जायच्या. विनय असेल, असं मला वाटायचं. त्यांच्याकडे विनय नावाची वस्तू नव्हती हे मला इतक्या वर्षांत कळायला हवं होतं खरं.

गेल्या वर्षी त्यांचं हृदय थकलं. पायांना सूज, छातीत पाणी, दहा पावलांवर दम. हॉस्पिटलात चकरा सुरू झाल्या. शेवटच्या खेपेला, जाण्याच्या आदल्या दिवशी, दुपारी मी त्यांच्याजवळ होते. मैत्रीच्या तिसरीच्या पुस्तकातलं काहीतरी सांगत होते त्यांना. त्यांनी मला थांबवलं. नाकावरची नळी जरा बाजूला सारली आणि म्हणाल्या, "सुजा, मी प्याले हुते गं."

मला कळेना. काय प्यालात?

"चा. त्या दिशी. ती माझ्या छातीवर असताना वाजलं न्हवं का, त्या दिशी. शबानानं दिला अर्धा कप. म्हनली, आता औषध बंद झालंय, पोरगी बरी हाय, आता घ्या की. मी घेतला. लई बरा लागला गं… आन तसंच पळत आले आन तिला घेतलं. माझ्या तोंडाला वास हुता चाचा. तिचा चा बंद केल्याला, आन आजी पिऊन आल्याली. तिला वास लागला. रुसली ती. श्वासच घेईना."

इतकी वर्षं. हे मनात घेऊन ही बाई रोज सकाळी आमच्यासाठी आलं किसत होती. मी म्हटलं, आत्या, तुमच्यासमोरच मॅडमनी सांगितलं होतं की औषध उतरायला दिवस लागतात, ते उतरलं म्हणून झालं. तुम्ही तोंडाला विष लावून गेला असतात तरी ते व्हायचं तेव्हाच झालं असतं. त्या म्हणाल्या, "व्हय. म्हाईत हाय मला. तवाच कळलं हुतं. पर कळून काय हुतंय? मी प्याले आन त्ये वाजलं. मागं-म्होरं झालं असतं तर गोष्ट येगळी." आणि म्हणाल्या, "आन कुनाला सांगू? प्रशांतला? त्यो म्हनला असता, आई, हीच का तुजी शिकवन."

मी त्यांचा हात धरला. म्हटलं, "आत्या, ती चहावर रुसली असती तर आज चहाकडे बघितलं नसतं तिनं. तुमची नात बश्या चाटते. तुमच्या पाठीमागे प्रशांतच्या कपातला चहा पिते. मी मारते तिला त्यावरून." आत्यांनी डोळे मोठे केले. "पिती? कदीपास्नं?" म्हटलं, पहिल्यापासून. त्या इतक्या हळू हसल्या की नुसते खांदे हलले. "चोर हाय," म्हणाल्या.

मी सिस्टरला विचारलं. पाणी मोजून देत होते त्यांना, पण सिस्टर म्हणाली, दोन घोट द्या, काही होत नाही. खालच्या कॅन्टीनचा चहा आणला, कागदी कपात. उशाला हात घालून त्यांना उठवलं. आत्यांनी पहिला घोट तोंडात धरून ठेवला, मग गिळला, आणि तोंड वाकडं केलं. "पानी हाय नुसतं. साखर बी न्हाई." दोन घोट म्हणता म्हणता कप संपवला. मी तो रिकामा कप पिशवीत टाकला आणि शिफ्टला निघून गेले. दुसऱ्या दिवशी त्या गेल्या. त्या दुपारबद्दल माझ्या मनात दुःख नाही, खरंच नाही. आनंदच आहे, फक्त तो डोळ्यांत पाणी आणतो.

प्रशांतला मी आत्यांच्या पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमानंतर सगळं सांगितलं. वंदना झाली होती, माणसं पांगली होती, शबाना भाभी मागे खुर्च्या एकात एक रचत होत्या. तो एवढंच म्हणाला, "मी काही बोललो नसतो गं तिला." मला ते ठाऊक होतं. आत्यांनाही बहुतेक ठाऊक असावं. पण माणूस ज्याला घाबरतो त्याला विचारून थोडाच घाबरतो.

आता घर चाललंय. डबे बंद केले, मला जमणारे नाहीत. चहा मी करते, आणि बाप-लेक न बोलता पितात, यातच काय ते आलं. गेल्या आठवड्यात पहिली शिफ्ट करून आले आणि दुपारी आतल्या खोलीत आडवी झाले. आत्यांच्याच पलंगावर, पंखा तिथेच चांगला लागतो. डोळा लागत होता तेवढ्यात मैत्री शाळेतून आली. दप्तर ठेवल्याचा आवाज आला, मग पावलं दारात थांबली. मी डोळे उघडले नाहीत, उघडले की तिला भूक लागते. ती जवळ आली. माझ्या नाकाखाली काहीतरी गार लागलं. तिच्या बोटांची मागची बाजू होती. तशीच धरून ठेवली तिनं, एक श्वास, दुसरा श्वास, आणि मग काढून घेतली. समाधान झाल्यासारखी निघाली.

मी म्हटलं, "काय चाललंय गं?"

ती दचकली. म्हणाली, "काही नाही. बघत होते."

"काय बघत होतीस?"

"आजी बघायची ना, तसं. श्वास चालू आहे का ते."

माझ्या लक्षात आलं. मैत्री घरी आली त्या दिवसापासून आत्या ती झोपली की हे करायच्या, हे मला माहीत होतं. ती लहान असताना मीही करायचे. मी सोडून दिलं, त्यांनी सोडलं नसणार. मी म्हटलं, "आजी तुझा बघायची. तू लहानपणी आजारी होतीस म्हणून."

"माझा नाही गं नुसता," ती म्हणाली, मला काहीच कळत नाही अशा सुरात. "सगळ्यांचा बघायची. पप्पांचा. तुझा तर रोज. तू शिफ्टवरून येऊन झोपलीस की पहिलं तुझा बघायची, आणि मग मला म्हणायची, आई हाय, आवाज करू नगंस."

मी उठून बसले. इतकी वर्षं माझ्या प्रत्येक दुपारच्या झोपेत ती बाई माझ्याजवळ येऊन थांबत होती, आणि मला कधी कळलं नाही, कारण मी झोपलेली असायचे. जागेपणी आमचं भांडण, मीठ जास्त झालं, साखर कमी झाली, दार का आपटलंस… आणि झोपले की हे. आणि मी माझ्या मनात त्यांचा माझ्यावर जीव नाही असं धरून बसले होते, निदान नातीएवढा तरी नाही.

मैत्री अजून दारात उभी होती. "बघू नको का?" तिनं विचारलं.

"बघ की," मी म्हटलं, आणि पुन्हा आडवी झाले. "नीट बघ."